चौदह मंज़िलवाले सोहोनीकाका

लखनौला भाड्याचं घर घेतलं तेव्हा एजंटने त्याची बरीच तारीफ केली होती. पाणी चोवीस तास, लिफ्टला जनरेटर, हज़रतगंज पायी सात मिनिटं. एक गोष्ट मात्र तो सोयीस्करपणे विसरला. जानेवारीतल्या एका सकाळी या घरातच आपल्याला तासभर कोंडून घालतात, हे त्याने सांगितलं नव्हतं.

त्या सकाळी धुकं असं होतं, की नवव्या मजल्यावरच्या माझ्या बाल्कनीचा कठडा तेवढा दिसत होता आणि त्यापुढे जग संपलेलं होतं. संस्थेत मला लवकर पोचायचं होतं. मी वनस्पतींवर काम करते, आणि ग्रीनहाऊसमधली माझी रोपं थंडीने माना टाकायला लागली होती. बाहेर आले तर लिफ्ट बंद. जिन्याकडे वळले तर पहिल्याच पायरीवर चौकीदार छेदीलाल मफलर गुंडाळून बसलेला.

"मैडम, आज ज़ीना बंद है."

"क्यों? रंगाई-पुताई चल रही है?"

"नहीं मैडम. इमारत नापी जा रही है. साहब डोरी डाले हैं. आप पैर न धरिए, हिल जाएगी."

"इमारत?"

"डोरी, मैडम," छेदीलाल म्हणाला. माझ्या शिक्षणाची त्याला कीव आली असावी.

मी चांगलीच तडकले होते. कोण हे साहब, आणि कुणाच्या परवानगीने मला अडवतात, हे विचारायला तोंड उघडलं आणि कठड्यावरून खाली पाहिलं. जिना चौकोनी वळणावळणाने खाली जातो आणि त्याच्या मधे हातभर रुंदीची पोकळी आहे. त्या पोकळीतून एक पोलादी तार खाली गेली होती. वर चौदाव्या मजल्यापासून ती आली होती आणि खाली तळमजल्याच्या अंधारात दिसेनाशी होत होती. ती जराही हलत नव्हती. मग लक्षात आलं की इमारतीतही काही हलत नव्हतं. कुकरची शिट्टी नाही, टीव्ही नाही, दार आपटल्याचा आवाज नाही. दीड-दोनशे माणसं आपापल्या दारामागे चिडीचूप होती, मुलंसुद्धा. लखनौमध्ये एवढी शांतता मी त्याआधी कधी ऐकली नव्हती. भांडायचं मी विसरूनच गेले.

किती वेळ गेला कोण जाणे. मग खालून एक म्हातारा, खणखणीत आवाज आला. "राई!"

लगेच दुसऱ्या मजल्यावर कुणीतरी ओरडलं, "राई है!" तिसऱ्यावर, चौथ्यावर, "राई है भई, राई!" असं करत ती बातमी आमच्यापर्यंत आली. छेदीलालने ती वरच्या मजल्याकडे फेकली. दारं उघडली, नळ सुटले, कुकर बोलायला लागले. छेदीलाल पायरीवरून उठला आणि म्हणाला, "जाइए मैडम. सीधी है."

खाली पोचले तर माकडटोपी घातलेला एक काटकुळा गृहस्थ बादलीपाशी गुडघे टेकून बसला होता. एका हातात भिंग, दुसऱ्या हातात टॉर्च. बादलीत सरसोंचं तेल, आणि तेलात त्या तारेला बांधलेला, नारळाएवढा पितळी ओळंबा. मी गोंधळून मराठीत काहीतरी पुटपुटले असणार, कारण त्यांनी मान वर केली.

"पुणे की मुंबई?"

"सांगली."

"अरे वा, म्हणजे कट्टर शत्रूच की. मी मिरजेचा. सोहोनी. दुपारी भजी खायला या."

सोहोनीकाकांची आणि माझी ओळख झाली ती अशी. आता ते लखनौत नाहीत आणि मीही नाही. पण त्या पाच वर्षांत त्या माणसाकडून मी जे पाहिलं, त्याने माझी दिपलेली नजर अजून पूर्ववत झालेली नाही.

डोरीचा तो दिवस त्या इमारतीचा सणच होता. वर्षातून एकदा, दाट धुक्याच्या, वारा नसलेल्या पहाटे काका तार सोडत. धुकंच का, तर ऊन लागलं की इमारत वाकते. हे ऐकून मी हसले होते. काका हसले नाहीत.

"काँक्रीट तापलं की फुगतं. सकाळी पूर्वेची बाजू फुगते, मग ती पश्चिमेकडे कलते. दुपारनंतर उलट. मे महिन्यात तर ती दिवसभर उन्हाला पाठ दाखवत फिरते. अगदी तुझ्या-माझ्यासारखी. रात्रभर थंड झाली की सरळ होते. म्हणून तिचं खरं माप पहाटेच घ्यायचं."

काका इमारतीला 'ती' म्हणत. लखनौमधल्या हिंदीतही इमारत बाईच असते, त्यामुळे त्यांची सोय झाली होती. तळमजल्यावर गुडघाभर उंचीवर भिंतीत एक पितळी पट्टी बसवलेली होती आणि तिच्यावर एक बारीक रेघ. बांधकाम झालं त्या वर्षी तार बरोबर त्या रेघेवर होती. दर वर्षी ती रेघेपासून किती सरकली ते काका भिंगातून बघत. वहीत मिलिमीटर लिहीत, पण लोकांना सांगताना धान्य सांगत. खसखस, राई, तीळ. फार झालं तर तांदूळ.

"मिलिमीटर म्हटलं की माणसं घाबरतात," ते म्हणत. "राई म्हटलं की डबा डोळ्यांसमोर येतो. हललं म्हणजे बिघडलं नाही गं. हललं आणि परत आलं नाही, तर बिघडलं."

काका 'राई' म्हणाले की वर्षभर लोक निर्धास्त झोपत. त्या इमारतीत कागदोपत्री सोसायटी होती, सेक्रेटरी मिश्राजी होते, तीन-तीन समित्या होत्या. पण ती उभी होती सोहोनींच्या शब्दावर, असंच सगळे मानत.

आणि मग त्याच तेलात भजी. हो, झोके थांबावेत म्हणून ज्यात ओळंबा बुडवला त्याच सरसोंच्या तेलात. पहिल्या वर्षी मी ताट हातात घेऊन घुटमळले तेव्हा शीलाकाकू, म्हणजे सोहोनींची बायको, म्हणाल्या, "खा खा. ओळंबा मी आदल्या दिवशी चिंचेने घासते. देवाच्या भांड्यांना एवढा हात लागत नाही माझा. या घरात सवत असलीच तर ती हीच, चौदा मजल्यांची." काकू नागपूरच्या, जीभ तिखट आणि हात सढळ. गोभीची, पालकाची, मेथीची अशी भजी सगळ्या मजल्यांवर जात.

काका या शहरात आले ते चोविसाव्या वर्षी, या इमारतीच्या बांधकामावर कनिष्ठ अभियंता म्हणून. काम संपलं, कंपनी निघून गेली, काका राहिले. पुढे सरकारी नोकरी केली, पण घर इथेच, दुसऱ्या मजल्यावर. त्यांच्या तोंडून त्या दिवसांबद्दल ऐकताना मला वाटायचं, आपण उगीच एवढ्या उशिरा जन्माला आलो.

"लखनौ तेव्हा आडवं होतं," ते सांगत. "घंटाघर, इमामबाड्यांचे घुमट, मशिदींचे मिनार, एवढंच काय ते वर. आणि ते सगळं देवाचं नाहीतर नवाबाचं. साधा माणूस एवढ्या उंचीवर कधी चढलाच नव्हता. आम्ही पहिल्यांदा कारकुनाला, शिक्षकाला, डॉक्टरला तिथे नेऊन बसवलं. म्हटलं, घे, इथे कपडे वाळत घाल."

लोक बघायला येत. बख्शी का तालाबकडच्या गावांतून ट्रॉली भरभरून. शेतकरी खाली उभे राहत, पगडी सांभाळत वर बघत. लिफ्टमध्ये बसायला रांग लागे. बायका लिफ्टच्या दाराला हात लावून नमस्कार करत. लग्न ठरलं की मुलीकडचे विचारत, मुलगा चौदह मंज़िलमध्ये राहतो का? पाटीवर इमारतीचं छान संस्कृत नाव आहे, पण ते कुणीही घेत नाही. रिक्षावाल्याला ते सांगितलं तर तो आपण परदेशी असल्यासारखं बघतो. आता गोमतीनगरकडे तिच्या दुप्पट उंचीच्या इमारती झाल्या आहेत, काचेच्या, रात्री रंग बदलणाऱ्या. तरी 'चौदह मंज़िल' म्हटलं की जुना लखनवी माणूस मान किंचित मागे नेतोच. दिवाळीच्या दुसऱ्या दिवशी जमघटला अख्खं शहर पतंग उडवतं, तेव्हा कटलेले पतंग येऊन तिच्या गच्चीवर पडतात. काका ते गोळा करून गेटवर ठेवत. ज्याचा त्याने ओळखून न्यावा.

कुठल्याही मोठ्या इमारतीसमोर उभं राहिलं की काकांचा एक ठरलेला प्रश्न असे. "हिच्यामुळे कोण जेवलं?" हे कोडं मला सुटलं ते त्यांनी मला बडा इमामबाडा दाखवायला नेलं तेव्हा. दालनात शिरल्यावर काका टोपी काढून नुसते उभे राहिले. वर एवढं प्रचंड छत, आणि त्याला तुळई नाही, मधे एक खांब नाही. गाईड पलीकडच्या टोकाला काडी ओढत होता आणि तिचा चर्र आवाज आमच्या कानात येत होता.

"दुष्काळ होता," काका कुजबुजले. "लोकांना काम हवं होतं म्हणून नवाबाने हे काढलं. म्हणतात, दिवसा बांधायचं आणि अंधारात पाडायचं, म्हणजे काम संपू नये. खरं-खोटं देव जाणे. पण असं एखादं शहर सांग मला, जिथे माणसांनी भाकरी मिळावी म्हणून एवढं उंच बांधलं. आमची हौसेपायी झाली. तरी तिच्यावर तीनशे मजूर जेवले, तीन वर्षं." मी पाहिलं तर त्यांचे डोळे भरले होते. मला संकोच वाटला, मी गाईडकडे बघत राहिले.

मला उंचीची भीती आहे हे त्यांनी पहिल्या महिन्यातच ओळखलं. नवव्या मजल्यावर राहून मी बाल्कनीत जात नसे. मे महिन्यात एका संध्याकाळी आँधी आली. आकाश तपकिरी झालं, खिडक्या थडथडायला लागल्या. मी पलंगावर पाय वर घेऊन, जीव मुठीत धरून बसले होते. दारावर थाप पडली. काका. दुसऱ्या मजल्यावरून जिना चढून आलेले, कारण लिफ्ट बंद. हातात काठोकाठ पाणी भरलेली स्टीलची थाळी. बहुधा माझ्याच शेजाऱ्यांकडून आणलेली.

"टेबलावर ठेव. आता बघ."

थाळीतलं पाणी हळूच एका काठाकडे चढत होतं, मग दुसऱ्या काठाकडे. अगदी संथ.

"ही जर ताठ उभी राहिली असती तर मला भीती वाटली असती. ती वाऱ्याला जागा देतेय. तू झाडांची डॉक्टर ना? तुला मी काय सांगू?"

आम्ही दोघं ती थाळी बघत बसलो. आँधी गेली, पाणी थांबलं. त्यानंतर मी बाल्कनीत जायला लागले. कठड्याला धरून का होईना, पण जायला लागले.

गच्चीची गोष्ट सांगितल्याशिवाय काका पुरे होणार नाहीत. रमज़ानच्या शेवटी ईदचा चाँद बघायला आसपासच्या मोहल्ल्यांतली माणसं आमच्या गच्चीवर येत. ही प्रथा इमारत झाली त्या वर्षापासूनची. करवा चौथला त्याच गच्चीवर चाळण्या घेतलेल्या बायका. आणि दर संकष्टीला काकू आणि मी, दोनच मराठी टाळकी. काकांनी हिशोब करून सगळ्यांना सांगून ठेवलं होतं, की उगवता चंद्र गच्चीवरून जमिनीपेक्षा मिनिटभर आधी दिसतो. झालं! करवा चौथला तळमजल्यावरची एकही बाई खाली थांबेना. "दिनभर का निर्जला व्रत है भाईसाहब, एक मिनट भी क्यों छोड़ें?" मिश्राजींच्या बायकोचा हा सवाल. लिफ्टपुढे भांडणं झाली. शेवटी काकांनी मजल्यांप्रमाणे पाळ्या लावल्या, खालच्या मजल्याला पहिला मान. एका वर्षी ईदच्या चंद्राला ढग आडवे आले. पन्नास-साठ माणसं पश्चिमेकडे तोंड करून उभी. ढग फाटला आणि नखाएवढी कोर दिसली, तेव्हा पहिला हात उचलला तो काकांनी. लोकांनी मिठ्या मारायला सुरुवात केली आणि मिठ्यांच्या त्या गर्दीत माकडटोपीतला आमचा मिरजेचा ब्राह्मण दिसेनासा झाला.

मग शेजारचा खड्डा आला. पूर्वेला जुनी बाग होती, ती विकली गेली, आणि तीस मजल्यांचा टॉवर होणार असा फलक लागला. काकांना आनंद झाला. खरंच झाला. ते रोज कुंपणापाशी जाऊन यंत्रं बघत. पण खोदकाम खोल गेलं, पाणी उपसणारे पंप दिवसरात्र चालू लागले, तसे ते गप्प झाले. पंपातून येणारं पाणी ते ओंजळीत घेऊन बघत. पाणी गढूळ होतं. "नुसतं पाणी काढत नाहीयेत," ते मला एकदा म्हणाले. "माती काढतायत." त्यांनी पत्रं लिहिली. पोच आली, उत्तर आलं नाही.

त्या जानेवारीत धुकं पडलं, तार सोडली गेली, इमारत गप्प झाली. आता मी जुनी झाले होते, त्यामुळे मला खाली टॉर्च धरायचा मान होता. काकांनी भिंग लावलं. काढलं, पुसलं, परत लावलं. वर सगळे वाट बघत होते. मग काका हळू आवाजात मला म्हणाले, "वर सांग, आज वारा होता. उद्या परत बघू."

वारा नव्हता. टॉर्च माझ्याच हातात होता, मी तार पाहिली होती.

पुढच्या दोन पहाटी आम्ही कुणाला न सांगता तार सोडली. तिसऱ्या दिवशी मिश्राजी घरी आले. सेक्रेटरी माणूस, त्यांना वास लागलाच. मी तिथेच होते.

"साहब, कितना है?"

"चना," काका म्हणाले. "पूरब की तरफ़. और तीन दिन में बढ़ा है."

मिश्राजी खुर्चीत बसले. भला माणूस. त्यांच्या मुलीचं लग्न फाल्गुनात होतं, इथेच, गच्चीवर. "साहब, हाथ जोड़ता हूँ. राई कह दीजिए. होली के बाद जो कहना हो कहिएगा. लोग कहाँ जाएँगे? और चना होता ही कितना है?"

काकांनी त्यांच्याकडे पाहिलं. त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता. "मिश्राजी, पचास साल में मैंने एक ही काम किया है, जो दिखा वो कहा. आज झूठ बोलूँ तो पिछली सारी राई झूठी हो जाएगी."

संध्याकाळी तळमजल्यावर सभा भरली. काकांनी उभं राहून सांगितलं, चना. सांगितलं, की इमारत रिकामी करा, आठवड्याच्या आत. एकच गलका उठला. कुणी शेजारच्या बिल्डरला शिव्या घातल्या, कुणी रडायला लागलं. काका हात वर करून उभेच होते. गलका ओसरल्यावर म्हणाले, "एक बात और है. ये आप लोगों को पहले जाननी चाहिए थी."

मग त्यांनी जे सांगितलं ते मला आजही त्यांच्या आवाजात ऐकू येतं. पाया खणताना पश्चिमेच्या कोपऱ्यात एक जुनी विहीर लागली होती. बारीक लखौरी विटांची, ढिगाऱ्याने अर्धी भरलेली. लखनौच्या जमिनीत अशा कितीतरी आहेत. वरिष्ठ साहेब गावाला गेलेले. दुसऱ्या दिवशी काँक्रीट ओतायचं ठरलेलं, आभाळ भरून आलेलं. विहीर कळवली असती तर काम महिनाभर थांबलं असतं, मजूर घरी गेले असते. चोवीस वर्षांच्या सोहोनीने दिवसभर उभं राहून विहीर हाताला लागेल तितकी खोल साफ करून घेतली, विटांचे तुकडे आणि चुना भरून ठोकून घेतली, आणि कुणाला सांगितलं नाही. तिच्यावर चौदा मजले चढले.

"हर साल डोरी मैं इसीलिए डालता था," काका म्हणाले. "आप समझे, शौक़ है. शौक़ नहीं था, डर था."

मिश्राजींनी कसंबसं विचारलं, "लेकिन साहब, कुआँ तो पश्चिम में है, झुकी तो पूरब को है. तो क़सूर गड्ढे का हुआ न?"

"शायद. लेकिन इसका फ़ैसला मैं नहीं कर सकता. मैं इसमें मुल्ज़िम हूँ."

"आपने तो उनके हाथ में हथियार दे दिया, साहब!" मिश्राजी जवळजवळ ओरडलेच.

शीलाकाकू मागच्या रांगेत बसल्या होत्या. सभा पांगल्यावर त्या पुढे आल्या. त्यांच्या तोंडाचा पट्टा सुटेल अशी मला भीती होती. त्या अगदी हळू बोलल्या. "पन्नास वर्षं माझ्या अंथरुणाखाली विहीर होती. आणि मला आज कळतंय?" मग काकूंनी काकांचा दंड धरला आणि दोघं जिना चढायला लागले.

आठवड्यात इमारत रिकामी झाली. तिसऱ्या आठवड्यात तार सुपारीएवढी सरकली होती, त्यामुळे नंतर कुणी म्हणालं नाही की उगीच घाबरवलं. खोदकाम थांबवण्याचा हुकूम आला. पण खड्डेवाल्यांच्या वकिलाने विहीर उचलून धरली. पेपरात आलं, जुन्या इमारतीचा पायाच विहिरीवर. लग्नं पुढे गेली, म्हातारी माणसं नातेवाइकांच्या दारात पडली, आणि ज्यांनी वर्षानुवर्षं भजी खाल्ली त्यांतलेच काही जण काकांचं नाव ऐकलं की तोंड फिरवायला लागले. एकाने माझ्यासमोर म्हटलं, "बुड्ढे ने हमें कुएँ पर सुलाया." मी त्याला सुनावलं खरं, पण माझ्याही मनात पाल चुकचुकली होतीच. नाही म्हणणार नाही.

काका-काकू लखनौच्या टोकाला, सरोजिनी नगरला एका तळमजल्याच्या घरात राहायला गेले. विमानतळ जवळ, दर थोड्या वेळाने छपरावरून विमान जाई. काका अंगणात खुर्ची टाकून बसत. मी गेले की विचारत, "आज ऊन कसं आहे तिकडे?" त्यांना इमारतीबद्दल विचारायचं असे. मी सांगायची, ठीक आहे. मग आम्ही चहा पीत असू. माझ्या तीन भेटींत ते दहा वाक्यंही बोलले नसतील. त्यांना चालताना पाहून मला पहिल्यांदाच वाटलं, की हा माणूस म्हातारा आहे.

होळीनंतर तपासणी सुरू झाली. बाहेरून अभियंत्यांचं पथक आलं होतं, त्यांची प्रमुख एक तरुण मुलगी. आधी पूर्वेकडे खणलं. पायाच्या काठाखालची माती पंपांबरोबर वाहून गेली होती, अख्खा हात आत जाईल एवढी पोकळी. पण म्हणून विहीर निर्दोष ठरत नव्हती. दोन्हीकडून खचत असेल तर इमारत पाडावी लागणार होती. आता पश्चिमेला खणायचं होतं, आणि विहीर नेमकी कुठे, हे जगात एकाच माणसाला ठाऊक होतं.

मी दोघांना गाडीतून घेऊन गेले. मिश्राजी, छेदीलाल आणि इतर वीस-पंचवीस जण जमले होते. कुणी पुढे येऊन नमस्कार केला नाही. काकांनी नकाशा मागितला नाही, टेप मागितली नाही. कोपऱ्यापासून सात पावलं चालले आणि टाच रोवली. "यहाँ."

दुपारपर्यंत लखौरी विटांचं कडं उघडं पडलं. बरोबर टाचेखाली. मुलगी खाली उतरली. विहिरीतला भराव आणि वरचा पाया यांच्या सांध्यात फट पडलीय का बघायला ती एक पातळ पाती सरकवू पाहत होती. एका जागी, दुसऱ्या जागी, सगळीकडून फिरून. आम्ही वरून बघत होतो. काका मात्र बघत नव्हते, ते दूर पाठ करून उभे होते. मग तिने वर पाहिलं.

"सर, पत्ती कहीं नहीं जा रही. ये तो हिला ही नहीं है. एक बाल बराबर भी नहीं. सर, ये किसने भरा था?"

काका वळले आणि शिडीकडे आले. मी आडवी गेले, चौऱ्याहत्तरीचा माणूस, शिडी ओली, पण काकूंनी मला मागे ओढलं. काका उतरले. त्यांनी तिच्या हातातला हातोडा मागून घेतला आणि भरावावर मारला. खणकन आवाज आला. अजून एकदा, जरा बाजूला. तसाच आवाज. त्यांनी पन्नास वर्षांपूर्वी चोविसाव्या वर्षी ठोकून घेतलेल्या त्या चुन्यावर ते हातोडा मारत गेले, कड्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत, आणि एकाही जागी आवाज बसका आला नाही.

मिश्राजींनी चष्मा काढला. छेदीलाल हात जोडून उभा होता. वर चौदा मजले होते, रिकामे, खिडक्या बंद, आणि आमच्यातलं कुणीच वर बघत नव्हतं.

हातोडा खाली ठेवून काका त्या भरावावरच बसले, चिखलात, मांडी घालून. खांदे हलत होते की नाही, मला वरून नीट कळलं नाही. मुलगी घाबरली. "सर, ऊपर आ जाइए. सर?" ते उठेनात. ती शिडीवरून वर आली आणि आमच्याकडे बघून म्हणाली, "आंटी, आप कहिए न उनसे."

काकूंनी पदराने तोंड पुसलं.

"बसू दे गं त्यांना थोडा वेळ," त्या तिला मराठीतच म्हणाल्या. "पन्नास वर्षं उभे आहेत."

तिला किती समजलं कोण जाणे. पण ती परत खाली गेली नाही. आम्ही सगळे काठावर थांबलो.